गेटासमोरची जागा

प्रमिला,

पोलीस संरक्षणाच्या त्या आदेशावरून सुरू झालेलं आपलं भांडण मिटायचं राहिलं. तू गेलीस त्याला अजून पंधरवडाही झालेला नाही, आणि मला सगळ्यात जास्त आठवतं ते हेच भांडण. तुझा चेहरा आठवायला थोडा प्रयत्न करावा लागतो. तुझे मुद्दे मात्र न बोलावता येतात, भाजी चिरताना, दात घासताना, आणि मी त्यांना उत्तरं देत बसते.

अकोल्याच्या बार रूममध्ये तुझी शोकसभा झाली. मी अमरावतीहून गेले होते. एका वकिलांनी सांगितलं की प्रमिलाताईंनी आयुष्यात कधी तडजोड केली नाही. मला हसू आलं, ते मी रुमालात लपवलं. तुझं निम्मं आयुष्य हमालांच्या आणि मिलमालकांच्या तडजोडी लावण्यात गेलं. पुढच्या रांगेतून दोघंतिघं माझ्याकडे वळून बघत होते. ही मालकांची वकील, हिनंच ते पोलीस आणले होते, असं काहीसं त्यांच्या डोक्यात असावं. खरंच आहे ते. मीच आणले होते.

आपण अमरावतीच्या लॉ कॉलेजात भेटलो तेव्हा तू बार्शीटाकळीहून आलेली शेतकऱ्याची मुलगी होतीस आणि मी वकिलांच्या घरातली. माझ्या वडिलांच्या कचेरीतली पुस्तकं तू माझ्याआधी वाचून काढलीस. आई म्हणायची, "ती तुझी मैत्रीण 'मी येतो, मी जातो' असं काय बोलते गं मुलासारखं?" तिचं माहेर पुण्याचं. तू ते ऐकलंस आणि पुढच्या वेळी दारातूनच ओरडलीस, "काकू, मी येऊन राह्यलो!" आई इतकी हसली की तिच्या हातातलं ताट कलंडलं. वकील झाल्यावरही तू तशीच बोललीस. साक्षीदाराला, कारकुनाला, बाररूममध्ये सगळ्यांना. न्यायाधीशांसमोर तेवढी पुस्तकी मराठी काढायचीस, आणि ती तुझ्या अंगावर उसन्या कोटासारखी दिसायची.

मग तू अकोल्याला गेलीस, लग्न करून आणि कामासाठीही. हमालांच्या संघटनेचं काम तुझ्याकडे आलं. माझ्याकडे जिनिंगवाले, तेलमिलवाले, डाळमिलवाले यायला लागले. हे असं का झालं याचा आपण दोघींनी कधी फार विचार केला नाही. वडिलांचे पक्षकार माझ्याकडे आले, तुझ्या गावची माणसं तुझ्याकडे आली. नागपूरला उच्च न्यायालयात तारीख असली की तू पहाटेच्या एसटीनं अमरावतीला यायचीस, मी तुला स्टँडवरून गाडीत घ्यायची, आणि दोघी एकमेकींविरुद्ध उभं राहायला एकाच गाडीतून जायचो. तुझ्या पिशवीत भाकरी आणि मिरचीचा ठेचा असायचा. तळेगावच्या पुढे कुठं तरी झाडाखाली थांबून खायचो. गाडीत खटल्याविषयी बोलायचं नाही, एवढा एक नियम होता. तो कोणी केला ते आठवत नाही. बराच काळ तो पाळलाही.

किशोरभाऊंच्या प्रकरणात तो मोडला.

किशोरभाऊंची डाळ मिल अकोल्याच्या एमआयडीसीत. वडिलांनी एका चक्कीवर सुरू केलेली, यांनी वाढवलेली. त्यांनी ट्रकमधून पोती उतरवायला आणि चढवायला सरकता पट्टा बसवला. पट्टा बसला म्हणजे हमालांचं बहुतेक काम गेलं. सुखदेवराव तेव्हा संघटनेचे अध्यक्ष होते. ते म्हणाले, पोतं चढवायचा हक्क आमचा आहे, पट्टा काढा. किशोरभाऊ म्हणाले, मिल माझी आहे. दुसऱ्या दिवशी गेटासमोर मांडव घालून हमाल बसले. तुरीचा हंगाम होता. ट्रक रस्त्याच्या कडेनं रांगेत उभे राहिले, ड्रायव्हर खाली उतरून स्टोव्ह पेटवून स्वयंपाक करायला लागले. एका टेम्पोची काच फुटली. ती कोणी फोडली हे शेवटपर्यंत सिद्ध झालं नाही, हे तू मला शंभर वेळा ऐकवलंस.

किशोरभाऊ माझ्याकडे आले तेव्हा त्यांच्या तळहाताला पट्टी होती. "ताई," ते म्हणाले, "माझीच मिल आणि मी मागून शिडी लावून भिंतीवरून आत जातो. काल काच लागली. या वयात चोरासारखं आपल्याच कंपाउंडात उडी मारायची म्हणजे..." शिव्या द्यायची त्यांना सवय नव्हती.

पण मला त्यांच्या पट्टीपेक्षा बेबीबाई जास्त लक्षात राहिली. ती आणि तिच्यासोबतच्या पंधरावीस बायका मिलमध्ये डाळ निवडायला जायच्या. त्या संघटनेत नव्हत्या. हमालांनी त्यांनाही आत जाऊ दिलं नव्हतं. बेबीबाई किशोरभाऊंसोबतच आली होती, कचेरीच्या दाराशी उभी राहिली, बस म्हटलं तरी बसली नाही. म्हणाली, "म्याडम, थो पट्टा आमी नाई बसवला. आमच्या घरची चूल काहून बंद करून राह्यले हे लोक? मालकाले अडवा ना. आमाले काहून अडवता?"

आधी मी औद्योगिक न्यायालयातून मनाईहुकूम आणला. गेट अडवू नका, येणाऱ्याजाणाऱ्याला रोखू नका. सुखदेवरावांनी तो मांडवाच्या बांबूला चिकटवला आणि खाली बसून राहिले. पोलीस ठाण्यात गेलो तर ठाणेदार म्हणाले, हा मालक-मजुरांचा वाद आहे, आम्ही मधे पडलो तर उद्या आमच्यावर शेकेल. वरून आदेश आणा. म्हणून मी नागपूरला याचिका केली: मिलचं गेट उघडं ठेवायला पोलीस संरक्षण द्या.

तू फोन केलास. नियम गाडीपुरता होता, फोनला लागू नव्हता.

"अनू, याचिका मागं घे. किशोरभाऊले अन् सुखदेवले मी बसवतो समोरासमोर. आवक पट्ट्यानं उतरवा, ट्रकाची भरती मानसायनं करा. निम्मं निम्मं."

"किशोरभाऊ तयार आहेत. सुखदेवराव तयार आहेत का?"

मला माहीत होतं, ते तयार नव्हते. त्यांना पट्टाच उखडून हवा होता.

सुनावणीच्या दिवशी सकाळी अमरावतीच्या स्टँडवर तू गाडीत बसलीस, आपण शहराबाहेर पडलो. मग एकदम म्हणालीस, "आज तू जिंकशीन."

"प्रमिला, गाडीत नाही बोलायचं."

"बोलतो मी आज. तुह्या पार्टीजवळ आख्खी मिल हाये. जमीन हाये, मशिनी हायेत, बँक हाये. माह्या लोकायजवळ फक्त गेटासमोरची जागा हाये. थे बी तू कोर्टातून मांगून राह्यली."

"ती जागा तुझ्या लोकांची नाही. रस्ता आहे तो. बेबीबाईचाही आहे."

"बेबीबाईचं खरं हाये," तू म्हणालीस. "त्याचंच त मले वाईट वाटून राह्यलं. पन एक सांगतो. पोलीस गेट उघडून देतीन. पोतं थोडी उचलून देतीन?"

मी म्हणाले, गेट उघडल्याशिवाय पोत्याचा प्रश्नच येत नाही. तू म्हणालीस, पोतं उचलणारा नसला तर गेटाचं काय करायचं. तळेगाव आलं आणि गेलं, आपण थांबलो नाही. भाकरी पिशवीतच राहिली.

कोर्टात तू चांगलं बोललीस. हे मी तुला तेव्हाही सांगितलं होतं. शांतपणे विरोध करायचा हक्क घटनेनं दिलेला आहे, पोलीस हे मालकाचे पहारेकरी नाहीत, असं तू न्यायमूर्तींच्या परवानगीनं त्या उसन्या कोटाच्या मराठीत सांगितलंस, आणि एका ठिकाणी घसरून "मायलॉर्ड, ह्या लोकायनं..." असं म्हणालीस. न्यायमूर्ती किंचित हसले. मी एवढंच म्हणाले की मनाईहुकूम आहे, तो मांडवाच्या बांबूला चिकटवलेला आहे, त्याचा फोटो सोबत जोडला आहे. न्यायालयाचा हुकूम जर बांबूला चिकटवायच्या कामाचा असेल तर पुढे कोणी न्यायालयात यायचं कशाला?

आदेश झाला. ट्रकांना आणि कामावर जाऊ इच्छिणाऱ्या प्रत्येकाला पोलिसांनी संरक्षण द्यावं. संघटनेला गेटापासून ठरावीक अंतरावर शांतपणे बसता येईल.

परतताना कोंढाळीच्या अलीकडे तू म्हणालीस, "चहा पाज." चहा पिताना म्हणालीस, "बांबूचा फोटो कोनं काढला होता?" मी म्हणाले, किशोरभाऊंच्या मुनिमानं. "हुशार हाये," तू म्हणालीस. एवढंच.

त्या गेटावरचा दिवस मला लिहायचा नव्हता. पण तो वगळून तुझ्याविषयी लिहिलं तर ते बार रूममधल्या भाषणासारखं होईल.

पोलिसांची मोठी गाडी आली होती. बायका-पोलीस होत्या, हातात काठ्या होत्या, पण काठ्या खाली टेकलेल्या. ऊन तापायला लागलं होतं. किशोरभाऊंनी हट्टानं मला बोलावून घेतलं होतं आणि निरीक्षकांनी मला जीपच्या मागं उभं राहायला सांगितलं होतं. बेबीबाई आणि तिच्या बायका रस्त्याच्या पलीकडे, डबे पोटाशी धरून. मांडवात सुखदेवराव आणि त्यांची माणसं मांडी घालून बसलेली. कोणी उठत नव्हतं. निरीक्षक घड्याळ बघायला लागले.

तेव्हा तू ऑटोतून उतरलीस. काळा कोट नव्हता, साधी सुती साडी होती. तू निरीक्षकांना म्हणालीस, "साहेब, मले थोडा वेळ द्या. मी बोलतो त्यायच्याशी."

"म्याडम, आदेश आहे."

"आदेश मले माहीत हाये. माह्याच विरोधात झाला थो."

निरीक्षकांनी मानेनं होकार दिला. तू मांडवात गेलीस आणि उभ्यानंच बोललीस. "पहा, हारलो आपन. हे कोर्टानं म्हनलं. आता इथून उठून थ्या लिंबाखाली बसायचं. थितं बसाले कोनी अडवू शकत नाई, हे बी कोर्टानंच म्हनलं. इथं बसून राह्यलो त उचलून नेतीन, केसेस लागतीन, अन् मग पट्ट्याचं भांडन राहीन बाजूले. उठा."

एक जण म्हणाला, "वकीलबाई, तुमी कोनाच्या?"

"तुमची. म्हनूनच सांगून राह्यली."

मग सुखदेवराव बोलले. ते मोठ्यानं बोलत नसत कधी, तेव्हाही नाही. "बाई, एक सांगा. नागपूरले तुमी त्या म्याडमच्या गाडीतून उतरल्या का नाई? आमच्या मानसायनं पाह्यलं."

सगळ्यांनी जीपकडे, माझ्याकडे बघितलं. मी पुढे निघाले. काय बोलणार होते कोण जाणे. आमची तीस वर्षांची ओळख आहे, असलंच काही. तू माझ्याकडे न बघता हात वर केलास, तळवा माझ्या दिशेनं. मी थांबले.

"उतरली," तू म्हणालीस. "गेली बी त्यायच्याच गाडीत, आली बी त्यायच्याच गाडीत. लई सालापासून जातो मी."

"मंग खटला गाडीतच इकला म्हना ना!" मागून कोणी तरी ओरडलं. दुसरं कोणी हसलं. ते हसणं मला अजून ऐकू येतं, पण तुला ते कसं लागलं हे मला कधी कळलं नाही, कारण तू त्याविषयी बोलली नाहीस.

तू एवढंच म्हणालीस, "खटला कोर्टात हारला. मले येत होतं थेवढं सारं बोलली मी. नाई पटलं साहेबाले. आता उठा."

काही उठले. बरेच उठले. शिव्या देत, सतरंजी ओढत थोड्या अंतरावरच्या कडुलिंबाखाली गेले. सुखदेवराव बसूनच राहिले, एकटे. तू निरीक्षकांजवळ आलीस आणि हळू आवाजात म्हणालीस, "त्याले उचलसान त बगलेतून धरा. कंबर गेली हाये त्याची. पोत्यायनं." दोन शिपायांनी त्यांना बगलेतून धरून उचललं आणि चालवत लिंबाखाली नेऊन बसवलं. त्यांनी झटापट केली नाही. डोळे मिटलेले होते.

मग बायकांची पाळी आली. ट्रकांआधी बायकांना आत सोडायचं ठरलं होतं. बेबीबाईनं रस्ता ओलांडायला पाऊल टाकलं आणि लिंबाखालून आवाज आला. काय आवाज आला ते लिहीत नाही. बेबीबाई जागीच थबकली. पोलीस बायका दोन्ही बाजूंनी होत्या, पण शब्दाला काठी आडवी येत नाही. आणि तू, जिला नुकतंच त्या माणसांनी विकलेली म्हटलं होतं, रस्त्याच्या मधोमध चालत गेलीस, बेबीबाईच्या शेजारी उभी राहिलीस आणि म्हणालीस, "चाल वं." तिच्या अंगाला अंग लावून, लिंबाच्या बाजूनं तू स्वतः, अशी चालत गेटापर्यंत गेलीस. लिंबाखालचे आवाज बंद झाले. तुझ्यावर ओरडायचं की नाही हे त्यांना ठरवता येईना, असं मला वाटलं. गेटाच्या आत तू पाय टाकला नाहीस. सगळ्या बायका आत गेल्यावर वळलीस, लिंबाकडे गेलीस आणि त्या माणसांत जाऊन बसलीस. कोणी सरकून जागा दिली नाही. तू कडेला बसलीस.

ट्रक आत गेले. किशोरभाऊंनी मला पेढ्याचा डबा दिला. मी तो जीपच्या बॉनेटवर ठेवून आले.

महिन्याभरात संघटनेनं तुझ्याकडची सगळी कागदपत्रं परत नेली. दुसऱ्या दोन संघटनांनीही नेली. तू अपघाताचे दावे, घटस्फोट, वारसाच्या नोंदी करायला लागलीस. मी एकदा म्हणाले, "तू नाही म्हणाली असतीस तर? गाडीतून उतरलीस हे सिद्ध कोण करणार होतं?"

"कोनं सिद्ध करायची गरजच काय? मी गेली होती ना!"

पुढच्या नागपूरच्या तारखेला मी म्हणाले, तू वेगळी ये, लोक बोलतात. तू गाडीचं दार उघडून बसलीस. "आता काय बोलाचं राह्यलं त्यायले? चाल. अन् आज तळेगावले थांब. मी पिठलं आनलं."

गेटाचं पुढं काय झालं ते तुला माहीतच आहे, पण आपण दोघींनी ते वेगवेगळं सांगितलं म्हणून माझं इथं मांडते. पोलीस काही काळ राहिले. गेट उघडं राहिलं. पट्टा चालत होता, पण पट्ट्यावर पोतं ठेवायला आणि ट्रकमध्ये त्याची थप्पी लावायला माणूस लागतोच, आणि शहरातला कोणी हमाल यायला तयार नव्हता. किशोरभाऊंनी परतवाड्याकडून माणसं आणली. ती नवखी होती. थप्प्या कलल्या, पोती फुटली, एकाच्या पायावर पोतं पडलं, बाकीचे दुसऱ्या दिवशी जीप करून गावी परत गेले. शेवटी किशोरभाऊंनी स्वतः सुखदेवरावांना निरोप धाडला. ते दोघं बसले. आवक पट्ट्यानं, भरती माणसांनी. निम्मं निम्मं. तू फोनवर सुचवलं होतंस तेच, फक्त कागदावर सही दुसऱ्या वकिलाची होती.

तू म्हणायचीस, "पहाय, पोलिसायनं काय झालं? शेवटी बसाच लागलं."

मी म्हणायची, "आदेश झाला नसता तर सुखदेवराव बसले असते का? त्यांना पट्टा उखडून हवा होता. तुझंसुद्धा त्यांनी ऐकलं नव्हतं."

"अन् पोतं फुटलं नसतं त किशोरभाऊ बसले असते?"

इथपर्यंत आलं की दोघी थांबायचो. हे आपण कोंढाळीच्या चहावर, तुझ्या मुलीच्या लग्नात, दवाखान्यात तुझ्या खाटेशेजारी, सगळीकडे बोललो. दवाखान्यात तू इतक्या आवेशानं बोललीस की नर्सनं मला बाहेर काढलं. तू मागून ओरडलीस, "अनू, उरलेलं उद्या!" उद्या तू शुद्धीत नव्हतीस.

एक गोष्ट मात्र तू मला फार उशिरा सांगितलीस, तीही सहज, शेंगा सोलता सोलता. गेटाच्या प्रकरणानंतर दोनेक वर्षांनी सुखदेवराव तुझ्या घरी आले होते, दुसऱ्या एका मिलच्या भांडणाचे कागद घेऊन. दारात उभे राहिले. तू त्यांना विचारलंस, "आता नाई इचारान का, मी कोनाच्या गाडीत जातो थे?" ते म्हणाले, "नाई." तू म्हणालीस, "इचारा ना. मी खरंच सांगन." मग त्यांनी चपला काढल्या आणि आत आले.

मी विचारलं, "तू माफ केलंस त्यांना?"

"माफ काय करायचं त्यात? त्याची रोटी होती वं पणाला. मानूस रोटीसाठी संशय घेतेच." आणि मग, शेंगांच्या टरफलांकडे बघत, "मले बेबीबाईचं वाईट वाटलं होतं त्या दिवशी. बस." ती इतकी साधी गोष्ट तू सांगितलीस आणि उठून टरफलं टाकायला गेलीस. त्या दिवशी रस्ता ओलांडताना तुझ्या मनात काय होतं, हे मी विचारायचं ठरवलं होतं. तू परत आलीस तेव्हा तुझ्या नातवाच्या तापाविषयी बोलायला लागलीस.

मला तुझ्याकडून एक गोष्ट मिळाली. समोरच्याचा मुद्दा आपल्यापेक्षा चांगला मांडता आला पाहिजे, मगच त्याला विरोध करावा, हे मला वडिलांनी शिकवलं होतं, पण ते करून दाखवलं तू. किशोरभाऊंची बाजू तू माझ्यापेक्षा चांगली सांगू शकायचीस. शिडी, भिंत, तळहाताची पट्टी, सगळं. एकदा बाररूममध्ये तू ती सांगितलीस आणि एक तरुण वकील म्हणाला, मग तुम्ही त्यांचं वकीलपत्र का नाही घेतलं? तू म्हणालीस, "त्यायले वकील हाये. चांगली हाये."

गेल्या आठवड्यात सुखदेवरावांचा फोन आला. संघटनेच्या कार्यालयात तुझी सभा ठेवली होती. "म्याडम, याल का?"

मी विचार केला. मालकांची वकील हमालांच्या कार्यालयात कशाला, असं आपल्याकडचे म्हणणार. मग म्हटलं, माणसं आपल्याकडची आणि त्यांच्याकडची अशी वाटून टाकायची सवय तू मला कधी लागू दिली नव्हतीस. गेले.

वरच्या मजल्यावरची, पत्र्याचं छत असलेली खोली. तुझा फोटो, हार, उदबत्ती. माणसं बसलेली, भिंतीला टेकून बेबीबाईही. ती या जिन्यावर पहिल्यांदाच चढली असावी. दाराशीच चपलांजवळ बसली होती. सुखदेवरावांनी तिला पुढे बोलावलं. ते फार थकले आहेत, काठीनं चालतात.

मला बोलायला उभं केलं. मी म्हणाले, "मी खोटं बोलणार नाही. तो आदेश मीच आणला होता आणि मला अजूनही वाटतं, तो बरोबर होता. प्रमिला अखेरपर्यंत म्हणत होती, तो चूक होता. आमचं मिटलं नाही." मला वाटलं, आता कोणी तरी उठेल.

सुखदेवराव बसल्या जागेवरून म्हणाले, "बाई सांगत होत्या. म्हने, अनू मरेलोक हार मानाची नाई." कोणी तरी हसलं. मग बरेच जण हसले. बेबीबाई पदर तोंडाला लावून हसली आणि रडली. मी बसले. चहा आला.

निघताना सुखदेवराव जिन्यापर्यंत आले. "म्याडम, एक काम होतं. नव्या मिलीचं भांडन हाये. मालकानं पोलीस मांगितले हायेत कोर्टात. बाई नाईत आता. आमाले वकील पायजे."

मी म्हणाले, "सुखदेवराव, त्या मालकाचं वकीलपत्र माझ्याकडे आहे."

"थे माहीत हाये आमाले. तुमाले वकील नाई करत आमी. पन बाई म्हनल्या होत्या, मी नसली त अनूले इचारा, कोन चांगला हाये थे थेच सांगन."

प्रमिला, दोनतीन नावं डोळ्यांपुढे आली. सोपी नावं, ज्यांच्यासमोर मी सहज जिंकते. मग मी एक नाव सांगितलं. अकोल्यातलीच मुलगी आहे, चार वर्षं झाली वकिली करते, मागच्या पावसाळ्यात तिनं एका अर्जावर मला भर कोर्टात निरुत्तर केलं होतं.

सुखदेवरावांनी नाव दोनदा म्हणून पाठ केलं. मग काठीवर रेलून माझ्याकडे बघितलं.

"म्हंजे तुमाले जड जाईन थे."

"हो," मी म्हणाले. "जाईल."